कराराचा शेवटचा दिवस



स्मृतिव्याख्यानासाठी वकिलाला बोलावलं की तो घटना, मूलभूत अधिकार, न्यायपालिकेचं स्वातंत्र्य अशा भारदस्त विषयांवर बोलेल अशी अपेक्षा असते. मी आज उपाहारगृहावर बोलणार आहे. रेल्वे फलाटावरचा स्टॉल, नाट्यगृहाच्या आवारातला वाहनतळ, सरकारी इस्पितळातलं कॅन्टीन, नगरपालिकेच्या मंडईतला गाळा, एसटी स्टँडवरचं चहाचं दुकान, या सगळ्या जागांवर. त्या आपल्या पैशातून उभ्या राहतात आणि मालकी कुठल्या ना कुठल्या सार्वजनिक संस्थेची असते, पण चालवतो कंत्राटदार. आणि या जागांवरून कोर्टात जे दावे चालतात, त्यांतून आपल्या देशातला सरकारी अधिकारांचा कायदा बराचसा घडला आहे. तेव्हा घटना आणि मूलभूत अधिकार आजही येतीलच, फक्त ते चहाच्या टेबलापाशी येतील.

या वादांत प्रश्न तीनच असतात. कंत्राटदार आत कसा आला? आत तो कोण म्हणून बसला आहे? आणि बाहेर कसा जाणार? हे तिन्ही प्रश्न मुंबईच्या एका विमानतळावर, एकाच उपाहारगृहात, एकाच वेळी उभे राहिले होते. तिथूनच सुरुवात करतो.

देशातले मुंबई, कलकत्ता, दिल्ली आणि मद्रास हे चार विमानतळ तेव्हा भारतीय आंतरराष्ट्रीय विमानतळ प्राधिकरणाच्या ताब्यात होते. ३ जानेवारी १९७७ रोजी प्राधिकरणानं मुंबई विमानतळावरचं एक दुय्यम दर्जाचं उपाहारगृह आणि दोन स्नॅक बार तीन वर्षं चालवायला देण्यासाठी निविदा मागवल्या. अट अशी, की निविदा भरणारा ‘नोंदणीकृत दुय्यम दर्जाचा हॉटेलवाला’ असावा आणि त्याला किमान पाच वर्षांचा अनुभव असावा. सहा निविदा आल्या. त्यांतली एकच पूर्ण भरलेली होती आणि तिचाच आकडा सर्वांत मोठा होता: दरमहा ६,६६६ रुपये ६६ पैसे. पण त्या निविदाकारांकडे हॉटेल नव्हतं. क्लब, मेस, बँका आणि व्यापारी कचेऱ्या यांची खानपानाची कामं त्यांनी वर्षानुवर्षं केली होती. अनुभव दांडगा होता, पण लिहिलेल्या अटीत ते बसत नव्हते. तरीही प्राधिकरणानं एप्रिलमध्ये काम त्यांना दिलं.

आता खरी गंमत पाहा. काम मिळालं, पण जागा मिळेना. आधीच्या करारावर जो कंत्राटदार तिथे बसला होता त्याची मुदत संपली होती, तरी तो हलायला तयार नव्हता. त्यानं मुंबईच्या नगर दिवाणी न्यायालयात दावा लावून मनाई हुकूम मागितला. तो टिकला नाही. उच्च न्यायालयातलं अपीलही ऑक्टोबर १९७७ मध्ये फेटाळलं गेलं. मग नोव्हेंबरात एक तिसराच माणूस रिट याचिका घेऊन उच्च न्यायालयात आला. त्यानं निविदा भरलेलीच नव्हती. त्याचं म्हणणं असं: ‘मीही या अटीत बसत नव्हतो, म्हणून गप्प राहिलो. अट मोडता येते हे ठाऊक असतं तर मीही निविदा भरली असती.’ उच्च न्यायालयानं त्याला परत पाठवलं. तो सर्वोच्च न्यायालयात गेला. रमणा दयाराम शेट्टी विरुद्ध भारतीय आंतरराष्ट्रीय विमानतळ प्राधिकरण, निकाल ४ मे १९७९. न्यायमूर्ती भगवती, तुळजापूरकर आणि पाठक यांचं खंडपीठ.

या निकालानं दोन गोष्टी पक्क्या केल्या. पहिली, असं प्राधिकरण म्हणजे घटनेच्या बाराव्या अनुच्छेदातलं ‘राज्य’च आहे. खाजगी मालक आपलं दुकान मेव्हण्याला देऊ शकतो, सार्वजनिक संस्थेला ती मुभा नाही. दुसरी, संस्थेनं स्वतः जाहीर केलेली अट तिच्यावरही बंधनकारक असते. याचिकाकर्त्याचं म्हणणं तात्त्विकदृष्ट्या न्यायालयानं मान्य केलं. अट वाचून जे घरी बसले त्यांना स्पर्धेची समान संधी नाकारली गेली आणि तो चौदाव्या अनुच्छेदाचा भंग आहे. आज कुठल्याही निविदेच्या वादात हा निकाल उद्धृत होतोच.

एवढं म्हणून न्यायालयानं याचिका फेटाळली.

याचिकाकर्त्याला खरा रस दिसत नव्हता. जो जुना कंत्राटदार हटत नव्हता, त्यानंच याला पुढे केलं असावं, असं न्यायालयाला वाटलं. त्यात याचिका दाखल व्हायला पाच महिन्यांहून अधिक उशीर झाला होता आणि तेवढ्यात नव्या कंत्राटदारानं सामानसुमान, उपकरणं यांवर सुमारे सव्वा लाख रुपये घातले होते. निवड बेकायदा, पण कंत्राट कायम! कायद्याच्या वर्गात या खटल्याचा पहिला भाग शिकवतात. वकिलीत उपयोगी पडतो तो दुसरा. आत शिरलेला माणूस बाहेर काढणं किती अवघड आहे, हे तो सांगतो. इथे तर दोन माणसं होती, एक मुदत संपूनही बसलेला आणि दुसरा अट न पाळता आलेला. निघायला लागलं ते एकालाच.

प्रवेशाच्या दारावर मात्र या निकालानंतर पहारा कडक झाला. १९९४ च्या टाटा सेल्युलर खटल्यात न्यायालयानं स्वतःलाही मर्यादा घालून घेतली. निर्णय कसा घेतला हे न्यायालय तपासेल, पण निर्णय घेणाऱ्याच्या खुर्चीत स्वतः बसणार नाही. २००६ च्या जगदीश मंडल खटल्यात त्याचे दोन सोपे प्रश्न झाले. निर्णयात दुष्ट हेतू किंवा उघड अतार्किकपणा आहे का? आणि त्यानं सार्वजनिक हिताला बाधा येते का? दोन्हींचं उत्तर नाही असेल, तर पडलेल्या निविदाकारानं कोर्टाची पायरी चढण्यात अर्थ नाही.

आता दुसरा प्रश्न. आत बसलेला माणूस कोण? भाडेकरू की परवानाधारक? ‘लिव्ह अँड लायसन्स’ हे शब्द मुंबईकरांना पाठ आहेत, कारण भाडे नियंत्रण कायद्याच्या धाकानं घरमालकांनी ते घरोघरी पोचवले. कायद्यातला फरक असा. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण अधिनियमातल्या १०५ व्या कलमानुसार भाडेपट्ट्यानं जागेत हक्क निर्माण होतो. त्याच वर्षीच्या सुविधाधिकार अधिनियमाच्या ५२ व्या कलमानुसार परवान्यानं हक्क निर्माण होत नाही. एरवी जे करणं बेकायदा ठरलं असतं, ते करण्याची फक्त परवानगी मिळते. आणि परवानगी काढून घेता येते.

करारावर ‘परवाना’ असा मथळा लिहिला म्हणून काम भागत नाही. १९५९ च्या असोसिएटेड हॉटेल्स खटल्यात दिल्लीच्या इम्पीरियल हॉटेलातल्या केशकर्तनालयाच्या खोल्यांचा वाद होता. न्यायमूर्ती सुब्बा राव यांनी त्यात सांगितलं, की दस्ताचं रूप बाजूला ठेवा, सार पाहा. पक्षकारांचा हेतू काय होता? जागेचा अनन्य ताबा दिला होता का? दिला असेल, तर प्रथमदर्शनी तो भाडेकरू.

म्हणून अशा दाव्यातला पुरावा विलक्षण घरगुती असतो. किल्ली कुणाकडे असते? रात्री कुलूप कोण लावतो? झाडलोट कोण करतं? विजेचं मीटर कुणाच्या नावावर? मद्रासच्या झाम बाजारचा खटला १९६४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात ठरला. बाजार खाजगी मालकीचा, पण लोकांसाठी खुला. गाळेधारक भाडं भरत होते आणि हटवायचं तर नोटीस मिळण्याचीही सोय होती. तरी न्यायालयानं त्यांना परवानाधारकच मानलं, कारण बाजार उघडणं, बंद करणं, स्वच्छता, देखरेख हे सारं मालकाच्या हातात होतं. बाजाराच्या वेळात गाळा वापरण्यापुरताच त्यांचा अधिकार होता. मंडईच्या किंवा स्टेशनच्या गाळ्याला हीच कसोटी लागते. ज्या संस्थेचे अधिकारी वर्षभर तिकडे फिरकत नाहीत, किल्ली ठेवत नाहीत, तपासणीचं रजिस्टर भरत नाहीत, ती संस्था आपल्याच हातानं परवान्याचा भाडेपट्टा करत असते.

इथे एक छुपी वाटही आहे. सुविधाधिकार अधिनियमाचं ६० वं कलम सांगतं, की परवान्याच्या आधारे एखाद्यानं कायमस्वरूपी बांधकाम केलं आणि त्यावर खर्च केला, तर परवाना रद्द करता येत नाही. १९८७ मध्ये एका शाळेला सर्वोच्च न्यायालयात याच कलमानं वाचवलं आणि ते योग्यच झालं. पण कंत्राटदारांना हे कलम तोंडपाठ असतं. पत्र्याच्या शेडच्या जागी विटांची भिंत येते, भिंतीवर फरशी चढते, मागे स्वयंपाकघर वाढतं. परवानगीचा कागद कुठेच नसतो, पण ‘साहेबांना दिसत होतं की’ हा युक्तिवाद तयार असतो. तेव्हा कुठलं बांधकाम चालेल आणि करार संपल्यावर त्याचं काय होईल, हे कराराच्या परिशिष्टात नसेल, तर भांडण तिथेच पेरलं गेलं असं समजा.

तिसरा प्रश्न बाहेर काढण्याचा, आणि त्याचा इतिहास चांगलाच नाट्यमय आहे. पंजाब सरकारनं चंडीगडचं माऊंट व्ह्यू हॉटेल १९५३ मध्ये सहा वर्षांच्या करारानं एका खानपान कंपनीला चालवायला दिलं. मुदत संपली, कंपनी गेली नाही. सरकारनं सार्वजनिक जागांच्या निष्कासनाचा १९५९ चा राज्य कायदा उगारला, त्यात कलेक्टरच नोटीस काढतो आणि कलेक्टरच हुकूम देतो. १९६७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तीन विरुद्ध दोन मतांनी त्यातलं मुख्य कलम घटनाबाह्य ठरवलं. कारण सरकारसमोर दोन रस्ते होते, साध्या दिवाणी दाव्याचा आणि या झटपट कारवाईचा. कुणाला कुठल्या रस्त्यानं न्यायचं हे कलेक्टरच्या मर्जीवर होतं आणि ती मर्जी म्हणजे विषमता. नॉर्दर्न इंडिया केटरर्स या नावानं हा खटला ओळखला जातो. थोडक्यात, एका खानावळीच्या कंत्राटानं देशभरातले निष्कासनाचे कायदे डळमळवले.

संसदेनं त्यावर १९७१ चा सार्वजनिक जागा (अनधिकृत भोगवटादारांचे निष्कासन) अधिनियम आणला आणि दिवाणी दाव्याचा रस्ताच बंद केला. दोन रस्ते नाहीत, म्हणून विषमताही नाही. करार संपल्यावर बसून राहणं म्हणजेच अनधिकृत भोगवटा, अशी व्याख्या त्यात आहे. संपदा अधिकारी नोटीस देतो, ऐकून घेतो, हुकूम करतो, नुकसानभरपाई ठरवतो. बारा दिवसांत जिल्हा न्यायाधीशांकडे अपील. यापुढचा अंक मुंबईत घडला. मुंबई महापालिका अधिनियमातलं निष्कासनाचं प्रकरण आणि राज्याचा १९५५ चा सरकारी जागांचा कायदा यांना आव्हान मिळालं, आणि १९७४ मध्ये मगनलाल छगनलाल खटल्यात सात न्यायमूर्तींच्या पीठानं हे कायदे वैध ठरवून चंडीगडचा निकाल मोडीत काढला. त्यामुळे आज रेल्वे फलाटावरच्या स्टॉलला केंद्राचा कायदा लागतो, राज्य सरकारच्या इमारतीतल्या कॅन्टीनला १९५५ चा, आणि पुण्या-नागपुरातल्या महापालिकेच्या गाळ्याला महापालिका अधिनियमातलं स्वतंत्र प्रकरण.

हत्यार धारदार आहे, म्हणून ते कसं चालवायचं याचेही निकाल आहेत. पंजाबात बर्नाला रेल्वे स्थानकाजवळ १९०९ मध्ये सरकारी जमिनीवर परवानगीनं एक धर्मशाळा बांधली गेली. पुढे अधिकाऱ्यांनी कुठल्याही न्यायालयाचा हुकूम नसताना ती चालवणाऱ्यांना बाहेर काढलं. १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं कडक शब्दांत सुनावलं, की जमीन सरकारची असो, समोरचा माणूस कुठल्याही हक्कानं बसलेला असो, कायद्याच्या आधाराशिवाय त्याला उचलून बाहेर टाकण्याचा अधिकार कार्यकारी सत्तेला नाही. २००७ मध्ये मुंबईच्याच न्यू इंडिया अ‍ॅश्युरन्स खटल्यात न्यायालय म्हणालं, की सार्वजनिक संस्थेला जागा हवी असेल, तर तिनं आधी आपली बाजू मांडावी आणि पुराव्यानं सिद्ध करावी. संपदा अधिकारी हा बहुधा त्याच संस्थेच्या गोटातला असतो, त्यामुळे ही आठवण गरजेची होती. विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या सहाव्या कलमाखाली बळजबरीनं हुसकावलेल्या माणसाला सहा महिन्यांत ताबा परत मागता येतो, पण सरकारविरुद्ध तो दावा चालत नाही. तेव्हा सरकारसमोर कंत्राटदार दुबळाही असतो, हे विसरू नका. वेळेवर जागा न देणं, हंगाम बुडाल्यावर पूर्ण शुल्क मागणं, अधिकारी बदलला की करार रद्द करणं, हेही घडतं. आणि कंत्राटदार बदलला, की वाढप्यांपासून भांडी घासणाऱ्यांपर्यंत जी माणसं रस्त्यावर येतात, त्यांचं नाव कुठल्याच करारात नसतं.

तर आत येण्याचा कायदा पक्का आहे, बाहेर काढण्याचा कायदाही पक्का आहे. तरी दावे का थांबत नाहीत? माझं आजचं मुख्य म्हणणं हे, की भांडण ना आत येताना जन्मतं ना बाहेर जाताना. ते जन्मतं मधल्या काळात आणि त्या काळाला आपल्या कचेऱ्यांत ‘तात्पुरती मुदतवाढ’ म्हणतात.

ही मुदतवाढ कशी होते ते सर्वांना ठाऊक आहे. करार मार्चअखेर संपणार असतो. फेब्रुवारीत कुणाच्या तरी लक्षात येतं, की नवी निविदा काढायची राहून गेली. मूल्यांकन झालेलं नाही, स्थायी समितीची सभा झालेली नाही, पुढे निवडणुकीची आचारसंहिता आहे. मग टिपणी लिहिली जाते: ‘नवीन निविदा प्रक्रिया पूर्ण होईपर्यंत सध्याच्या ठेकेदारास जुन्याच दराने मुदतवाढ देण्यास हरकत नसावी.’ या एका वाक्यात तीन गोष्टी घडतात. स्पर्धा थांबते. दर गोठतो. आणि मुदतीला शेवटच उरत नाही, कारण ‘प्रक्रिया पूर्ण होईपर्यंत’ याला तारीख नसते. प्रक्रिया पूर्ण न होण्यात आता एका माणसाचा फायदा असतो आणि तो माणूस आत बसलेला असतो.

मुदतवाढही संपते. कंत्राटदार पुढच्या महिन्याचे पैसे घेऊन खिडकीवर येतो आणि कारकून पावती फाडतो. मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या ११६ व्या कलमानुसार मुदतीनंतर मालकानं भाडं स्वीकारलं, तर दुसरा करार नसल्यास भाडेकरार महिन्यामहिन्यानं पुढे चालू राहिला असं धरता येतं. परवान्याला हे कलम लागत नाही. पण तो परवाना आहे की भाडेपट्टा हाच तर वाद असतो! त्या दिवसापासून ती पावती पुरावा होते. पैसे नाकारावेत तर लेखापरीक्षणात आक्षेप येतो, घ्यावेत तर कोर्टात पेच. ‘हक्कास बाधा न येता, नुकसानभरपाईपोटी’ एवढे शब्द पावतीवर असते, तर निम्मं काम झालं असतं. ते क्वचितच असतात. मग ‘जैसे थे’चा हुकूम येतो आणि तारखा पडत राहतात. तो काळ कंत्राटदाराच्या फायद्याचा असतो, कारण गल्ला आजच्या बाजारभावानं भरतो आणि शुल्क जुन्या दरानं जातं.

या सगळ्यात जो चहा पितो, गाडी लावतो, भाजी घेतो, तो नागरिक दाव्यात पक्षकार नसतो. विमानतळाच्या खटल्यात प्राधिकरण होतं, नवा कंत्राटदार होता, जुन्यानं पुढे केलेला याचिकाकर्ता होता. प्रवासी नव्हता. नागरिकाचा हक्क न्यायालयानं केंद्रस्थानी ठेवला तो वीस वर्षांनी, लखनौच्या अमीनाबादेतल्या झंडेवाला पार्कच्या खटल्यात. तिथल्या महापालिकेनं १९९३ मध्ये निविदा न मागवता एका बिल्डरला बागेखाली भुयारी बाजार बांधायला दिला. १९९९ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की बाग ही नागरिकांसाठी विश्वस्त म्हणून सांभाळायची ठेव आहे. पालिकेला ती परस्पर देता येत नाही. बांधकाम पाडून बाग पूर्ववत करण्याचा आदेश झाला. खूप पैसा घातला आहे, हा युक्तिवाद या वेळी चालला नाही. १९७९ चा सव्वा लाख कंत्राट वाचवून गेला, १९९९ चं भुयारी संकुल वाचलं नाही. दोन्ही प्रकरणांतली तथ्यं वेगळी आहेत, हे खरं. पण एकाच्या मुळाशी दोन कंत्राटदारांची चुरस होती, दुसऱ्याच्या मुळाशी शहराची बाग. न्यायालयासमोर कुणाचं गाऱ्हाणं आहे, यावर उत्तर किती बदलतं, ते यातून दिसतं.

मग करायचं काय? नवा कायदा मागण्याची आपली सवय मला मान्य नाही, कायदे पुरेसे आहेत. चार साध्या गोष्टी सांगतो, त्या उद्यापासून करता येतील.

एक, नव्या निविदेची तारीख जुन्या करारातच लिहा. मुदत संपण्यापूर्वी सहा महिने प्रक्रिया सुरू झाली नाही, तर त्याला जबाबदार कोण, हे अधिकाऱ्याच्या पदासह त्या करारात नमूद असावं. दोन, मुदतवाढ द्यावीच लागली, तर ती एकदाच, ठरावीक तारखेपर्यंत आणि वाढीव दरानं असावी. जुन्या दराची मुदतवाढ म्हणजे नव्या माणसाला न देता जुन्याला दिलेलं नवं कंत्राट, आणि विमानतळाच्या निकालाचा नियम तिलाही लागायला हवा. तीन, ताबा देताना आणि घेताना संयुक्त पंचनामा व्हावा: भिंती किती, ओटे किती, मीटर कुणाचं, किल्ल्या किती. ताबापावतीशिवाय अनामत परत करू नका आणि ताबापावती मिळाल्यावर ती अडवूनही ठेवू नका. प्रामाणिक कंत्राटदार अनामतीच्या भीतीनंसुद्धा जागा धरून बसतो.

चौथी गोष्ट तुमच्यासाठी आहे. माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ याच्या चौथ्या कलमानुसार, ज्यांना सवलती, परवाने किंवा प्राधिकारपत्रं दिली आहेत त्यांचा तपशील प्रत्येक सार्वजनिक प्राधिकरणानं कुणी न मागता प्रसिद्ध करायचा असतो. तो संकेतस्थळाच्या तळघरात पुरण्यापेक्षा जागेवरच लावायला सांगा. कॅन्टीनच्या गल्ल्यामागे, वाहनतळाच्या दारात, मंडईच्या कमानीखाली एक फलक असावा: ही जागा कुणाची, चालवतो कोण, महिन्याला किती भरतो, करार कधी संपतो. शेवटची तारीख रोज शेकडो लोकांनी वाचलेली असेल, तर टिपणीत ‘हरकत नसावी’ लिहिणाऱ्याचा हात जरा अडखळेल, आणि हरकत घेणारा माणूसही वेळेवर पुढे येईल. १९७७ चा तो याचिकाकर्ता पाच महिने उशिरा आला आणि आला तोही दुसऱ्याचा माणूस म्हणून. आपण वेळेवर आणि आपल्यासाठीच जायला हवं.

आता प्रश्न विचारा. ज्यांच्या गावातल्या मंडईचा किंवा स्टँडचा करार कधी संपतो हे त्यांना ठाऊक नाही, त्यांनी पहिला प्रश्न मला विचारू नये, नगरपालिकेला विचारावा.